ताटातल्या तांदळांचा पुरावा

“मिस निर्मला बर्वे यांनी स्वतः अर्ज करावा,” असं युनिव्हर्सिटीच्या पेन्शन ऑफिसचं पत्र होतं. अडचण एवढीच, की निर्मला बर्वे माझ्यासमोरच बसल्या होत्या. फक्त पासपोर्टवर, बँकेत आणि गॅसच्या बिलावर त्यांचं नाव होतं वसुधा आगाशे.

ही नव्वदच्या दशकातली गोष्ट. माझं सॉलिसिटरचं ऑफिस लंडनच्या इल्फर्ड भागात, एका केमिस्टच्या दुकानावर होतं. वसुधाताई जिना चढून आल्या तेव्हा गुडघे धरूनच खुर्चीत बसल्या. युनिव्हर्सिटीच्या लॅबमध्ये जन्म घालवून रिटायर झालेली ही टेक्निशियन आता सुपरमार्केटमध्ये शेल्फं भरत होती, कारण पेन्शन पुरत नव्हतं. पेन्शन नोकरीच्या वर्षांवर ठरतं, आणि त्यांची पहिली नऊ वर्षं कुणी धरलीच नव्हती.

झालं होतं असं. नऊ वर्षं नोकरी झाल्यावर त्या सहा आठवड्यांची रजा काढून लग्नाला पुण्याला गेल्या. रिवाजाप्रमाणे आडनावाबरोबर पाळण्यातलं नावही गेलं. परत आल्यावर युनिव्हर्सिटीच्या पर्सोनेल खात्याने त्यांच्याकडून नव्या माणसाचा फॉर्म भरून घेतला. मिस बर्वे रजेवरून परतल्याच नाहीत, अशी नोंद झाली.

“आणि तुम्ही सही केलीत?” मी जरा चिडूनच विचारलं.

“नवं नाव, नवा फॉर्म. मला वाटलं, इकडे असंच असेल.”

मॅरेज सर्टिफिकेट होतं. पण सासऱ्यांनी नोंदणी करताना वधूचं नावही ‘वसुधा आगाशे’ असंच घातलं होतं. मी कपाळाला हात लावला. भावाचं अफिडेव्हिट पाठवलं, तर भाऊ घरचाच म्हणून ते पुरेसं नाही, असं उत्तर आलं. युनिव्हर्सिटीच्या फाइलमध्ये मिस बर्वेंचा फोटो होता, पण तो इतका जुना, की त्यावरून आजच्या वसुधाताईंना कोण ओळखणार?

मी कोर्टात दावा लावला आणि त्यांना लग्नाचा आल्बम आणायला सांगितलं.

तो घेऊन आम्ही पेन्शन ऑफिसर मिस्टर कॉलिन्सना भेटायला गेलो. माणूस सज्जन, पण कागदाबाहेर पाऊल न टाकणारा. एका फोटोवर त्यांनी बोट ठेवलं. “हे काय चाललंय?”

“नवरा अंगठीने बायकोचं नवं नाव लिहितोय,” मी म्हणालो.

“तांदळात?”

“तांदळात. भाषांतर जोडलंय.”

ताटात ‘वसुधा’ अगदी स्वच्छ दिसत होतं. शेजारी नवरी, डोळ्यांवर काळ्या फ्रेमचा चष्मा, एका काडीला पांढरा दोरा गुंडाळलेला. फाइलमधल्या मिस बर्वेंच्या चष्म्यालाही तोच दोरा, त्याच बाजूला.

“फोटोसाठी तरी काढ म्हणून आई मागे लागली होती,” वसुधाताई माझ्या कानाशी म्हणाल्या. “पण चष्म्याशिवाय मला नवराही दिसला नसता.”

कॉलिन्सनी दोन्ही फोटो शेजारी ठेवून बराच वेळ पाहिले. मग वसुधाताईंना विचारलं, हे नाव तुम्हीच निवडलं होतं ना?

“नो, मिस्टर कॉलिन्स. आय वॉज ओन्ली इन्फॉर्म्ड.”

ते खो खो हसले. मला तिथेच कळलं, की आपण जिंकलो.

तीन आठवड्यांत पत्र आलं. नऊ वर्षं मान्य, वाढीव पेन्शन मान्य, मागची थकबाकीही. दावा सुनावणीपर्यंत न्यावाच लागला नाही. वसुधाताईंनी सुपरमार्केटला नोकरी सोडत असल्याची नोटीस दिली आणि बर्फीचा डबा घेऊन ऑफिसात आल्या. पत्रातल्या ‘फॉर्मर्ली मिस निर्मला बर्वे’ या शब्दांवरून त्यांनी हात फिरवला आणि त्यांचे डोळे भरून आले. “ती मुलगी खरंच होती, हे कुणीतरी लिहून दिलं बघा.” मलाही फार बरं वाटलं.

तेव्हापासून मराठी बाई अशील म्हणून आली, की मी आधी विचारतो, लग्नाआधीचं पूर्ण नाव काय?

एकदा घरी हा किस्सा मी चांगला रंगवून सांगितला. बायकोने तो शेवटपर्यंत ऐकून घेतला.

“अशिलांना विचारता ते बरंच आहे,” ती म्हणाली. “माझं नाव बदलताना मला विचारलं होतंत?”