सोमाभाऊचं अपील

हे मी आजवर कोनाजवळ बोललो नाई. बायकोजवळबी नाई — अन् तिच्यापासून मले विडीसुद्धा लपवता आली नाई, बापा! आज तुमच्याजवळ बोलून राह्यलो.

मी तालुक्याच्या कोर्टात एका वकीलसाहेबांचा मुन्शी होतो. अर्ज लिहिणं, तारखा सांभाळणं, हे काम. पण जीव होता नाटकात. आमच्या झाडीपट्टीत धान कापून झाले का गावोगावी नाटकं सुरू होतात. काय दिवस होते ते! तनसीचा, म्हणजे धानाच्या पेंढ्याचा वास, मंडईच्या जत्रेतले पाळणे... आजबी कुठी पेटी ऐकली का पाय तिकडंच वळतात. त्या वर्षी मले पह्यल्यांदा मोठा रोल भेटला. वकिलाचा! गरिबाची केस जिंकून देनारा. साहेबांनी आपला जुना काळा कोट देल्ला, अन् मी तो अंगातून काढंचना.

त्याच हप्त्यात सोमाभाऊ आला. ढिवर माणूस, जातीनं मासेमार. त्याच्या बापानं खोदलेल्या बोडीत, म्हणजे शेताजवळच्या लहान तळ्यात, शिंगाडे लावे, मासोळ्या पाळे. शेजाऱ्यानं बोडी आपली म्हणून दावा टाकला अन् निकाल शेजाऱ्याच्या बाजूनं लागला. साहेब म्हणत, निकाल कच्चा आहे, चंद्रपूरले जिल्हा कोर्टात टिकत नाई. पण अपिलाची मुदत तीस दिवस, अन् त्याच्या आत निकालाच्या नकलेसाठी अर्ज द्या लागे. सोमाभाऊनं अर्जावर आंगठा मारला, माझ्या टेबलावर ओले शिंगाडे ठेवले. म्हणे, "भाऊ, वरच्या साहेबाले एक डाव वाचू तर द्या."

मी अर्जाची घडी केली. ठेवला कुठी? त्याच कोटाच्या खिशात.

अन् फिरलो नाटकासंगं. टाळ्या पडत. एका म्हातारीनं तर हात जोडले — वकीलसाहेब, माझ्याबी शेताच्या धुऱ्याचं भांडण पाहा. हासू नका... मले खरंच वाटे, मी वकील आहो. खिशात हात गेला तेव्हा मुदत सरून गेली होती.

तुम्ही म्हणाल, भूल कोनाची होत नाई? भुलीचं मी सांगूनच नाई राह्यलो. कोर्ट उशीर माफ करते. फक्त खरं कारण लिहा लागते, अन् मले शपथेवर सांगा लागलं असतं का चुकी माझी. इतकंच! नोकरी गेली असती काय? नाई. साहेब दोन दिवस रागावले असते. मग भ्यालो कशाले? हासण्याले. नाटकात केस जिंकते अन् अर्ज खिशात विसरते, असं सारं कोर्ट म्हणन — त्याले भ्यालो.

साहेबांले सांगतलं, सोमाभाऊ अपील नको म्हणते. अन् सोमाभाऊले सांगतलं — अपील टाकलं, वरच्या कोर्टानं पाहिलं, नामंजूर केलं.

तो चिडला नाई. त्यानं एवढंच विचारलं, "पूर्ण वाचलं ना त्याहीनं?"

मी म्हटलं, हो, पूर्ण.

"बस मंग. वाचून नाई म्हटलं त काय बोलाचं." धोतर झटकून उठला अन् गेला.

बोडी गेली. त्याच बोडीत तो शेजाऱ्याच्या मजुरीवर शिंगाडे तोडाले उतरे. पुढच्या हिवाळ्यात माझ्यासाठी पिशवीभर घेऊन आला. बाजारातून विकत घेतलेले. अन् मी ते खाल्ले, गोड होते.

मागच्या मंडईत भेटला. आता दिसत नाई त्याले नीट. जावयाले माझी ओळख करून देल्ली. म्हणे, "या भाऊनं माहा कागद चंद्रपूरच्या मोठ्या कोर्टात पोचवला." मी मान हालवली.

अर्ज माझ्या पेटीत आहे, त्याच्या आंगठ्याची शाई तशीच निळी. माझ्याशिवाय तो कोनं वाचला नाई.