दांड्यामागची भिंत

माझे भाऊजी, म्हणजे ताईचे मिस्टर, हार्डवेअरच्या दुकानात काउंटरवर उभे असतात. गिऱ्हाइकानं बोल्ट मागितला की आधी विचारतात, "भिंत कशाची?" गिऱ्हाईक म्हणतं, भिंत भिंतीसारखी. मग भाऊजी सुरू होतात. भरीव काँक्रीट असेल तर आवळल्यावर फुगणारा बोल्ट चालतो, काँक्रीट त्याला घट्ट धरून ठेवतं. विटेच्या भिंतीत तोच बोल्ट वीट फोडतो. आणि पोकळ ब्लॉकमध्ये तो फुगून दाबणार कशाला, आत नुसती हवा. एका बाईंना साधा आरसा टांगायचा होता, त्यांनाही हे सगळं ऐकावं लागलं. कुणाकडे गेले की आधी भिंतीवर टकटक, मग माणसांची विचारपूस. आम्ही त्यांची यथेच्छ टर उडवायचो.

असा माणूस स्वतःच्या घरात चुकला. ताईचे गुडघे कुरकुरायला लागले म्हणून कमोडशेजारी त्यांनी आधाराला स्टीलचा दांडा बसवला. भोकातून करडी भुकटी पडली. विटेची लाल पडते, म्हणून त्यांनी हे काँक्रीटच धरलं. पण सिमेंटच्या पोकळ ब्लॉकची भुकटीही करडीच असते. मध्येच ड्रिल मशीन धसकन आत गेलं, तेव्हा तरी कळायला हवं होतं. पण ताई जेवायला हाका मारत होती, बोल्टही आवळल्यावर घट्ट वाटला. काही महिने दांडा टिकला. मग एका सकाळी ताईनं उठताना त्याच्यावर भार दिला आणि तो टाइलच्या तुकड्यांसकट तिच्या हातात आला. तिच्या खुब्याचं हाड मोडलं.

त्यानंतर भाऊजी बधिर झाले. रडले नाहीत, सारवासारव केली नाही. दवाखान्यात पुढ्यात ठेवलेलं खायचे. दुकानातही जायचे, फक्त कुणाला काही विचारायचे नाहीत, मागेल तो बोल्ट काढून द्यायचे. मला त्यांचा भयंकर राग आला होता. एकदा तोंडावर म्हटलं, "जगाला शहाणपण शिकवता, आणि घरात?"

ते म्हणाले, "हो."

माझं भांडण तिथेच लंगडं पडलं.

घरी सोडताना डॉक्टरांनी बजावलं, "यांना संडासला आपलं आपण जाऊ द्या. दांडा धरून उठू द्या. एकदा पलंगाची सवय लागली की पुन्हा उभ्या राहायच्या नाहीत." म्हणजे ताईचं पुढचं सगळं त्या दांड्यावर आलं.

या वेळी भाऊजींनी बोल्ट भिंतीच्या आरपार नेले. पलीकडे स्वयंपाकघरात, डब्यांच्या फळीखाली, जाड लोखंडी पट्टी लावून ते आवळले. आता भार ब्लॉकच्या पातळ कडेवर नाही, पट्टीवर आणि तिच्यामागच्या भिंतीवर. मग पाय उचलून स्वतः दांड्याला लोंबकळले. मीही लोंबकळले, आणि मी काही हलकी नाही. दांडा तसूभर हलला नाही. मला वाटलं, आता तरी यांचा चेहरा सुटेल. त्यांनी केरसुणी घेतली आणि भुकटी झाडायला लागले.

ताई घरी आली. वॉकर ढकलत बाथरूमपर्यंत गेली. उठायची वेळ आली तेव्हा तिनं मला हाक मारली.

"धर ना दांडा," मी म्हटलं. "मी लोंबकळून बघितलंय."

"माहितीये गं. पक्का असणार."

तिनं हात पुढे केला. बोटं स्टीलला लागली आणि तिनं हात मागे घेतला. दाराशी उभे असलेले भाऊजी आत आले, त्यांनी आपला हात पुढे केला. ताईनं तोही धरला नाही. तिच्या मनात राग नव्हता, तिला भीती वाटत होती. तिनं माझा खांदा धरला आणि उठली.

तिला पलंगावर निजवून मी बाहेर आले. भाऊजी तिथेच उभे होते.

"तू रोज येशील का?" त्यांनी विचारलं. दुकानात भाव सांगावा तसा आवाज.

मी हो म्हटलं. त्यांनी मान हलवली, चपला घातल्या आणि दुकानात गेले.