शेवट बदलायचा नाही

टेक्सासमधल्या आमच्या प्लेनो गावच्या मराठी मंडळात एक अलिखित नियम आहे: नाटकात प्रेम करायचं तर आपल्याच नवऱ्यावर. उगाच प्लेनोभर चर्चा नको. त्यामुळे गणपतीच्या संगीत नाटकात हिरोइन मी आणि हिरो आमचे हे, कारण मंडळात सुरात गाणारा नवरा तेवढा एकच.

लेखक मात्र शेजारचे हंगेरियन काका. वय झालेलं, घरी एकटे. आयुष्यभर तिकडे युरोपात त्यांनी गाण्यांचे विनोदी सिनेमे आणि प्रेमपट लिहिले. आमची गॅरेजमधली रिहर्सल कुंपणावरून बघून म्हणाले, "तुमचं नाटक भयंकर आहे. मी लिहून देतो." मराठीचा गंध नाही, पण हिंमत बघा! ते इंग्रजीत लिहायचे, मी त्याचं मराठी करायची.

त्यांची अट एकच. शेवट बदलायचा नाही. प्रत्येक सिनेमात त्यांनी तोच शेवट लिहिला होता: ती ट्रेनने निघून जाते आणि तो तिची विसरलेली छत्री धरून प्लॅटफॉर्मवर उभा राहतो. आणि प्रत्येक निर्मात्याने तो फाडून दोघांचं लग्न लावून दिलं होतं.

"एकदा तरी तिला जाऊ दे," ते म्हणाले. "मला मरायच्या आधी ते बघायचंय."

असं म्हटल्यावर नाही कसं म्हणणार?

पण प्लेनोत ट्रेनने पळून कोण जातं? आम्ही एअरपोर्ट केला. छत्रीच्या जागी मानेची उशी आली. बॅगेचं वजन जास्त भरतं तिथे "लोणचं काढ, पापड काढ" असं भांडणाचं द्वंद्वगीत घातलं. लोणचं म्हणजे काय हे काकांना समजावण्यात माझी अख्खी बरणी संपली, पण गाणं त्यांना फार आवडलं.

शेवट ऐकून अध्यक्ष खवळले. "बाप्पासमोर ताटातूट? लोक जेवायला कुठल्या तोंडाने बसतील?"

मीही पुण्याची. म्हटलं, "शेवट बदललात तर हिरोइन दुसरी शोधा, आणि हिरो तिच्या घरून आणा."

मग रोज ऑफिसमधून आलं की किचनमध्ये प्रॅक्टिस. मी पोळ्या लाटत म्हणायची, "संपलं आपलं. मी जाते." हे डिशवॉशर लावता लावता म्हणायचे, "जा." पुढे मी त्यांना झापायची ते वेगळंच. सासूबाई तेव्हा नागपूरहून आलेल्या होत्या. त्या दिवसांत त्या अगदी गप्प झाल्या. माझ्या पोळीवर तूप वाढलं आणि लेकाशी बोलणं कमी झालं. मला वाटलं, इथली हवा मानवली नसेल.

नाटकाच्या दिवशी हॉल फुल. पहिल्या रांगेत काका, शेजारी सासूबाई. लोणच्याच्या गाण्याला वन्स मोअर मिळाला. मग शेवट आला. सासूबाईंचीच मोठी लाल बॅग ओढत मी निघाले. हे उशी छातीशी धरून उभे. काका खुर्चीच्या कडेला सरकलेले मला दिसले. विंग अगदी समोर होती.

"अगं ए! कुठे चालली तू?"

सासूबाई स्टेजवर! पदर खोचलेला, एका हातात माझी बॅग, दुसऱ्यात लेकाचा कान. "रोज ऐकून राहिली मी तुमचं! ती बिचारी जाते म्हणते अन् हा दगड म्हणतो जा! अरे, थांबव ना तिला!"

त्यांनी यांच्याकडची उशी माझ्याकडे दिली आणि माझा हात यांच्या हातात कोंबला. हॉल टाळ्यांनी दणाणला. पेटीवाल्याला काही सुचेना, त्याने सरळ आरतीच सुरू केली. सगळे उठून उभे राहिले. अध्यक्षांच्या चेहऱ्यावरचा आनंद बघून मला त्यांच्या टाळक्यात उशी घालावीशी वाटली.

आरती संपताच मी खाली धावले. मला रडूच कोसळलं. "काका, सॉरी. पुन्हा बदलला हो तुमचा शेवट."

ते सासूबाईंकडे बघत होते. "ती काय ओरडली?"

"थांबव ना तिला, म्हणाल्या."

काकांनी माझ्या हातातली उशी घेतली आणि मांडीवर ठेवली.

"ती छत्री अजून माझ्याकडे आहे," ते म्हणाले. "त्या दिवशी प्लॅटफॉर्मवर माझी आई माझ्या शेजारीच उभी होती. ती काही बोलली नाही."