ताई जे मराठीत बोलून गेली

शारजाला जायचं ठरलं ते ताईच्या फोनमुळे. "मेघना, तू ये. सिनेमा दाखवणार आहेत, आणि त्यात मी जे बोललेय ते यांनी अजून ऐकलेलं नाही."

माझी थोरली बहीण दुबईत डिस्कव्हरी गार्डन्सला राहते, जबल अलीतल्या एका कँटीनचं स्वयंपाकघर सांभाळते. फिनलंडच्या हेल्वीबाई तिथे कॅमेरा घेऊन येत होत्या. बाई सत्तरीच्या. पटकथा आणि दिग्दर्शन दोन्ही त्यांचंच. पुण्याच्या फिल्म क्लबमध्ये मी त्यांचे सिनेमे पाहिलेत: मासळीच्या कारखान्यातल्या बायका, बंद पडलेली गोदी, वृद्धाश्रमातल्या आया. पडद्यावर तीच माणसं असतात आणि पटकथा त्यांच्या बोलण्यातून उभी राहते. बाईंचा एक शिरस्ता आहे. सिनेमा आधी त्यातल्या माणसांना दाखवायचा. कुणाला काही नको असेल तर कारण न विचारता कापायचं. पहिल्याच सिनेमातला सर्वांत सुंदर प्रसंग त्यांनी असा काढून टाकला. समीक्षक म्हणाले, सिनेमा लंगडा झाला. बाई म्हणाल्या, असू दे लंगडा.

जाणार असाल तर डिसेंबरात जा. संध्याकाळी चक्क शाल लागते. पोचल्यावर ताईने वरणभात वाढला आणि भावोजी अंघोळीला गेल्यावर हळूच सांगितलं, "कॅमेऱ्यामागे एकालाही मराठी येत नव्हतं. बाई नुसत्या बसून राहायच्या. एक दिवस पोळ्या लाटता लाटता बोलून गेले. वाटलं, कुणाला कळतंय! पण बाईंनी नंतर त्याचं भाषांतर करून घेतलं, आता ते सिनेमात आहे."

"काय बोललीस?"

"साताऱ्याला घर बांधतायत ना हे. मला परत जायचं नाही, असं."

"आई, जस्ट टेल हिम," भाची रिया म्हणाली.

"तू गप्प बस."

"मग बाईंना आधीच सांग ना काढायला," मी म्हटलं.

"त्यांना करायला म्हणून फोन उचलते गं. आणि ठेवून देते."

दुसऱ्या दिवशी सुट्टी. मी टॅक्सीचं नाव काढताच भावोजी उसळले. "टॅक्सी? मेट्रो आहे, पुढे शारजाची बस आहे. बारा दिरहम! म्हणजे तीनशे रुपये. यल्ला, चला!" अल मजाजला खालिद तलावाकाठी आम्ही कडक चहा घेतला. पाणी शांत होतं, पलीकडे टॉवर. भावोजी मला मोबाइलवर घराच्या स्लॅबचे फोटो दाखवत होते. ताई चहात बघत होती.

सिनेमाचा हॉल जवळच होता, छोटासा. हेल्वीबाई पडद्याकडे पाठ करून, आमच्या चेहऱ्यांकडे बघत बसल्या. आधी भावोजींचा प्रसंग आला. हेच फोटो, हाच उत्साह: "मिसेससाठी किचनचा ओटा उंच करून घेतलाय." लोक हसले, तेही हसले. मग ताईचे हात, पीठ, लाटणं. "त्या घरात मी परत अमक्याची सून होणार. इथे मला सगळे सुनंदा म्हणतात. मला नाही जायचं."

भावोजींनी मान वळवली नाही.

दिवे लागले. बाईंनी विचारलं, काही काढायचंय? ताईचा हात मांडीवरून उचलला जात होता, तेवढ्यात भावोजीच उभे राहिले. "मॅडम, माझा तो घरवाला पार्ट काढा, प्लीज."

बाईंनी मान डोलावली. का, विचारलं नाही. विचारलं ते ताईने.

"का हो?"

"वेड्यासारखा दिसतो मी त्यात."

"नाही दिसत. हौसेने बोलताय. राहू दे तो," ताई म्हणाली. मग बाईंकडे वळून, "कीप बोथ."

परतीच्या बसमध्ये दोघं शेजारी बसली होती. रियाने माझ्या खांद्यावर डोकं टेकलं.

पुण्यात परतून आता दोन आठवडे होत आले. खजूर संपले, तलावाचे फोटो अजून कुणाला दाखवले नाहीत. काल ताईचा फोन आला. "हे विचारत होते, तुला नक्की कुठे राहायचंय? लग्न झाल्यापासून पहिल्यांदाच गं!"

"मग? सांगितलंस?"

"म्हटलं, विचार करून सांगते."

"अगं, आता तरी सांगून मोकळी हो!"

ती हसली. "सांगेन गं. पण ते उत्तराची वाट बघत समोर बसलेत, हे कधी पाहिलंच नव्हतं. जरा बघून घेते."