वडिलांचा ‘स’

ज्या माणसाविषयी लिहितो आहे, त्याचा आवाज माझ्या हातून बिघडला. आणि ते ठाऊक असूनही दोन वर्षे मी गप्प राहिलो.

इथे आखातात, फरवानियातल्या एका लहान दवाखान्यात मी कवळ्या घडवतो. मिलानसाहेब प्रथम आले ते दारावरची माझ्या नावाची पाटी वाचत. “सा-वंत,” ते थबकून इंग्रजीत म्हणाले, “तुमचं नाव माझ्या वडिलांच्या अक्षराने सुरू होतं!” उंच, ऐंशीच्या घरातले, शाळेत शिकवणाऱ्या मुलीकडे इथल्याच मंगफला राहण्यासाठी प्रागहून आलेले. आमच्या परिचारिका शैलाताई मूळच्या लातूरच्या. त्या मला मराठीत म्हणाल्या, “सावंतभाऊ, पाव्हणे हिरो दिसायलेत. दात नीट बसवा, न्हाई तर व्हिलन करून ठेवताल!”

ते खरोखरच नट होते. आई नटी, वडीलही नट. “माझा पाळणा म्हणजे पोशाखांची पेटी,” ते सांगत. “राजवस्त्रांवर झोपून पडद्यापलीकडचं आईचं रडणं ऐकायचो. ते खोटं असतं, हे मला फार उशिरा कळलं.” आपली चित्रपटांतली कारकीर्द ते एका दमात संपवत : “आधी प्रियकर, मग नवरा, मग न्यायाधीश, शेवटी शेवटी प्रेत. डोळे आईचे, ‘स’ वडिलांचा. माझं स्वतःचं म्हणाल तर फक्त नाक!”

वडिलांचा तो ‘स’ त्यांच्या तोंडून ऐकताना फरशीवरून रेशीम ओढत नेल्यासारखे वाटे. बाहेर धुळीने दुपार पिवळी पडलेली असे, मेणाचा वास दरवळत असे, आणि कवळ्यांच्या साच्यांमध्ये बसलेला मी कुठल्याशा अनोळखी रंगमंचाच्या विंगेत उभा असे. एकदा ते म्हणाले होते, “जे अक्षर अडतं, त्यानेच वाक्य सुरू करायचं, सावंत. टाळलंत, तर ते आयुष्यभर वाट अडवून उभं राहतं.”

मी केलेली वरची कवळी बसली आणि त्यांच्या ‘स’मधून शीळ निघू लागली. “सवय होईल,” दवाखान्याचे डॉक्टर म्हणाले. तशातच प्रागहून बोलावणे आले. वडिलांनी रंगभूमीवर गाजवलेली भूमिका आता चित्रपटात त्यांनी करायची होती. दोन दिवसांत होकार कळवायचा होता. माझ्यासमोर त्यांनी पहिले वाक्य म्हणून पाहिले. शीळ. पुन्हा म्हटले. पुन्हा शीळ. मग कवळी काढून त्यांनी माझ्या हाती दिली. “निदान चकाकी तरी आणा.”

मी जाडी मोजली. पुढच्या दातांमागचा भाग माझ्याकडून घासून पातळ करायचाच राहिला होता. दहा मिनिटांचे काम. पण दुरुस्त केले तर डॉक्टरांना सांगावे लागणार होते. हलगर्जीपणाबद्दल एकदा ताकीद मिळालेली होती, आणि माझा अकामा, म्हणजे इथे राहण्याचा परवाना, नूतनीकरणासाठी मालकाच्या टेबलावर पडलेला होता. मी कवळीला चकाकी आणली आणि परत दिली.

त्यांनी नकार कळवला. “जीभ म्हातारी झाली,” एवढेच म्हणाले. त्यानंतर त्यांनी मला नावाने हाक मारली नाही. “मित्रा” म्हणू लागले. शैलाताईंना त्यात जिव्हाळा दिसे. मला मात्र कारण माहीत होते.

गेल्या महिन्यात ते कायमचे प्रागला निघाले. खजुराचा डबा घेऊन निरोपाला आले. मी कवळी मागून घेतली, घासली, धुतली आणि त्यांच्या तळहातावर ठेवली. दहा मिनिटेही लागली नाहीत.

त्यांनी ती बसवली. दारावरच्या पाटीकडे पाहिले. “सावंत,” ते म्हणाले. फरशीवरून रेशीम सरकत गेले. त्यांनी पुन्हा म्हटले, “सावंत.” मग सावकाश माझ्याकडे वळले. “हे आज कसं जमलं, सावंत?”

शब्द होता, आणि नेमके त्याचे पहिलेच अक्षर अडत होते. मी त्यानेच सुरुवात केली.

“सॉरी, सर. जीभ म्हातारी झाली नव्हती. चूक माझ्या हाताची होती, आणि तुम्ही नकार कळवायच्या आधीच ती मला कळली होती.”