शेवटची गाठ

आमच्या इंदापूर–बारामती एस.टी.चा ड्रायव्हर एखादा खड्डा चुकला, तर गाडी मागं घेऊन त्यात घालतो. अशा हिसक्यांत शेजारच्या सीटवरची बाई क्रोशानं लिंबाएवढं टोपडं विणत होती. सातव्या महिन्यात जन्मलेला तिचा नातू बारामतीच्या दवाखान्यात काचेच्या पेटीत होता. टोपडं पुरं होत आलं, की ती दोन ओळी उसवायची.

“आवो मावशी, पुरं करा की!”

“नगं बाबा. ल्येकरू हातात येईस्तोवर शेवटची गाठ मारू न्हाय.”

पिंपळीच्या थांब्यावर तिच्या लेकाचा फोन आला. तिनं तो माझ्याच हातात कोंबला. वाघाला कानफटवल्याच्या थापा मारणारा मी, पण फोन उलटाच कानाला लावला.

“मावशी, नातू दूध प्यायला!” मी ओरडलो.

“पेटीतनं भाईर काढला?”

“अजून न्हाय.”

तिनं पुन्हा दोन ओळी उसवल्या.