थोरल्या घरचा फोटो

पितृपंधरवडा आला आणि घरोघरी वड्यांचा वास सुटला, की रहिमतपूरचं ते प्रकरण मला हटकून आठवतं. पोलिसाच्या नोकरीत दरोडे पाहिले, खून पाहिले. पण माणूस माणसावर किती जळू शकतो, ते एका फोटोच्या चोरीत पाहिलं.

फिर्यादी मूळचे रहिमतपूरचेच, पण सांगलीला स्थायिक झालेले गृहस्थ. प्राध्यापकी सोडून पदरमोड करून इतिहास लिहिणारे. आपल्या पणजोबांनी बाजाराच्या दिवशी दुकानोदुकानी फिरून, लोकांच्या विनवण्या करून रहिमतपुरातली पहिली पतपेढी उभी केली, हे त्यांनी कित्येक वर्षं खपून शोधून काढलं होतं. त्या पेढीची पुढे बँक झाली, पण तिच्या भिंतीवर पणजोबांना जागा नव्हती. अखेर संचालक मंडळाने मानलं. पणजोबांचा एकुलता एक जुना फोटो सभागृहात लागणार, असं ठरलं. पत्रिका वाटून झाल्या आणि व्यवस्थापकाच्या खोलीतून फोटोच नाहीसा झाला.

गुन्हा नोंदवला, पंचनामा केला. रंगकाम चालू असल्यामुळे कॅमेऱ्यांना प्लॅस्टिक गुंडाळलेलं. बँकेतल्या कुणीच काही पाहिलं नव्हतं. खबर दिली ती समोरच्या चहावाल्याने.

"सायेब, तेंच्या थोरल्या चुलतभावाला इचारा. बँकेतनं भाईर आला तवा काखंत शालीत कायतरी गुंडाळल्यालं हुतं. भर उनात शाल कशाला लागतीया?"

हा चुलतभाऊ सैन्यातून हवालदार म्हणून निवृत्त झालेला, गावातच राहून ऊस पिकवणारा. ठाण्यात बोलावलं तर येऊन ताठ बसला.

"माझ्या पणज्याचा फोटू मी कशाला चोरीन?"

फोटोबद्दल एवढंच बोलला. पुढे सगळं भावाबद्दल.

"पेपरात तेचं नाव. गावात आला की लोकं गाडीपातूर सोडाय जात्यात. आमी हितं जन्म काढला, आमाला कोण इचारतंय? पणज्याच्या गोष्टी मीच सांगितल्या तेला, वट्यावर बसून. आन् आता पुस्तक निगंल, तेच्यावर नाव कुणाचं? तेचं!"

ज्याला खरंच ठाऊक नसतं, तो आधी वस्तूची चौकशी करतो. कुठे होती, कधी गेली, कुणी पाहिली. याने एकदाही विचारलं नाही. माझा संशय बळावला, पण पुरावा कुठे होता? जाताना तो दारात थांबला.

"उद्या आमच्यात म्हाळ हाय. जेवाय या, सायेब."

पितरांच्या या जेवणाला आमच्या भागात कुणालाही बोलावतात आणि न बोलावता आलेल्यालाही परत पाठवत नाहीत. तरी चोर पोलिसाला पंगतीला बोलावतो, हे नवलच. मी चक्रावलो. गेलो, आणि मुद्दाम फिर्यादीलाच बरोबर नेलं. भाऊ असून त्यांना आमंत्रण नव्हतं.

त्यांना पाहून थोरल्याच्या कपाळाला आठ्या पडल्या. पण म्हाळाच्या दिवशी "जा" म्हणता येईना. आम्ही माजघरात बसलो. घास उचलणार, तोच माझी नजर समोर गेली. देव्हाऱ्यापुढे नैवेद्य ठेवलेला होता, ते ठीक. पण पलीकडे कुलूपबंद लोखंडी कपाट होतं आणि त्याच्यापुढेही पाट मांडून पान वाढलेलं, शेजारी उदबत्ती.

"वहिनी, कपाटाला नैवेद्य?" मी विचारलं.

थोरल्याची बायको नवऱ्याकडे बघत राहिली. मग म्हणाली, "आवं, आत कोंडल्यात म्हणून काय उपाशी ठेवायचं त्यास्नी?"

किल्ली मागावी लागली नाही. थोरल्याने उठून कपाट उघडलं. आत तीच शाल आणि शालीत पणजोबांचा फोटो.

"देव आन् वाडवडलांचा फोटू थोरल्या घरात ऱ्हायचा, हे वाटणीतच ठरलंय. ह्यानं पुस्तकासाठी म्हणून मागून नेला आन् मला न इचारता बँकंला दिऊन टाकला!"

"विचारलं असतं तर दिला असतास?" धाकट्याने विचारलं.

"न्हाई! येवढं येकच हाय माझ्याकडं, जे तुझ्याकडं न्हाई."

"मग सरळ परत का मागितला नाही?" मी म्हणालो.

"मागाया तेच्या दारात उभा ऱ्हायाचं व्हय?"

धाकट्याचं लक्ष फोटोकडे नव्हतंच. ते त्या पानाकडे बघत होते. "आमच्याकडे म्हाळ बंद होऊन कित्येक वर्षं झाली," ते हळूच म्हणाले. "मी काहीही लिहिलं तरी दादा, ते जेवायला तुझ्याकडेच येणार." त्या आवाजातही हेवाच होता.

गैरसमजातून गुन्हा दाखल झाल्याचा अहवाल मी कोर्टाला पाठवला. फोटो थोरल्या घरीच राहिला, बँकेत त्याची प्रत लागली. भाऊबंदकी म्हटली की आपण जमिनीचा बांध बघतो. या प्रकरणाने मला शिकवलं की मेलेल्या माणसाच्या मायेवरूनही बांध कोरले जातात, आणि तिथे मोजणी करायला कुणी सरकारी माणूस येत नाही.

धाकट्याचं पुस्तक छापून आल्यावर थोरला मला एकदा बाजारात भेटला. प्रस्तावनेत धाकट्याने पहिले आभार त्याचे मानले होते.

"वाचलं का?" मी विचारलं.

"दोनदा वाचलं. लय झ्याक लिवलंय." त्याने पिशवी या हातातून त्या हातात घेतली. "तेच तर सोसंना, सायेब."